येताना सहा

रविवार, ७ सप्टेंबर २०२५

सकाळचे सहा वाजून चाळीस मिनिटे झाली होती. मी अंगणात बसून गाडीची चेन डिझेलच्या फडक्याने पुसत होतो. तेवढ्यात आप्पा येऊन उभे राहिले आणि म्हणाले, "सत्या, उत्तरंला जायाचं."

मला वाटले, वस्तीच्या उत्तरेला, म्हणजे धरणाकडे. मी म्हणालो, चेन झाली की सोडतो.

"तिकडं न्हाई. हिमालयाकडं. मासा धराया. समद्यांनी जायाचं."

आप्पांचे वय सदुसष्ट. आजवर त्यांनी माझ्याकडे तंबाखूशिवाय काही मागितलेले नाही. त्यांचा सर्वांत लांबचा प्रवास म्हणजे दौंडचा दवाखाना, तोही गुऱ्हाळाच्या चरकात उजव्या हाताची मधली दोन बोटे गेली तेव्हा. मी विचारले, एवढ्या लांब कशाला? "मोठा मासा हाय तिथं," म्हणाले आणि आत गेले.

ही डायरी पतसंस्थेने जानेवारीत दिली होती. आजपर्यंत कोरी होती. माझी शाळा आठवीत सुटली, पण शुद्धलेखनात मी वर्गात पहिला असायचो. एवढा मोठा बेत लिहूनच पार पाडावा लागेल. नाहीतर मला झोप लागणार नाही.

सोमवार, ८ सप्टेंबर

कारण कळले. माझी मुलगी राजनंदिनी, नऊ वर्षांची, आजोबांना मोबाइलवर वाघाचे व्हिडिओ दाखवते. शनिवारी वाघ संपल्यावर आपोआप मासेमारीचा एक व्हिडिओ लागला. उत्तराखंडात रामनगरच्या पुढे जंगलात एक कॅम्प आहे. पाहुणे तंबूत राहतात, सकाळी जीपमधून हत्ती आणि हरणे बघतात, दुपारी नदीत गळ टाकून बसतात. व्हिडिओत एक गोरा माणूस मांडीएवढा जाड सोनेरी मासा हातात धरून हसतो. त्या माशाला तिकडे महाशीर म्हणतात. हा शब्द माझ्या शब्दकोशात नाही, त्यामुळे शी दीर्घ की ऱ्हस्व याची खात्री नाही.

नंदू म्हणते, आप्पांनी तो वीस वेळा पाहिला. संध्याकाळी मीही त्यांच्या शेजारी बसून पाहिला. त्यांना मासा येतो तो भाग नको असतो. त्याच्या आधी कानटोपी घातलेला एक कामगार पाठमोरा बसून दोऱ्याला गळ बांधतो, तेवढेच ते पुन्हा पुन्हा लावायला सांगतात. चेहरा दिसत नाही, नुसते हात. उजव्या हाताची मधली दोन बोटे तळव्यात मुडपून तो गाठ मारतो. त्याचीही बोटे कुठल्यातरी यंत्रात अधू झाली असावीत. आप्पांना त्यामुळेच आपलेपणा वाटत असेल.

बुधवार, १० सप्टेंबर

रांजणगावच्या कंपनीत मी ठेकेदाराकडून पॅकिंगला आहे. आज खोक्यांना सुतळी बांधताना शेजारचा हरिबा म्हणाला, "सत्या, तुझी दोन बोटं पतसंस्थेत गहाण ठिवलीत का काय रं?"

मी पाहिले तर खरेच, मधली दोन बोटे मुडपलेली. गाठ मारायला आम्हाला आप्पांनी शिकवले. त्यांना ती बोटे नव्हतीच, म्हणून ते उरलेल्या तीन बोटांवर भागवायचे. आम्हा दोघा भावांना वाटायचे, गाठ अशीच मारतात. आता हात दुसरे काही ऐकत नाही.

घरी येऊन तो व्हिडिओ पुन्हा पाहावा असे वाटले. मग नको वाटले. फार विचार केला की माझ्या छातीत धडधडते. डॉक्टरांनी सांगितले आहे की विचार कमी करा.

हरिबाकडे आठ हजार उसने मागितले. तो म्हणाला, "हिमालयात जाऊन मासा? आरं, शिरूरच्या बाजारात शंभर रुपयांला चिलापी मिळती, साफ करून." पण देतो म्हणाला.

रविवार, १४ सप्टेंबर

धाकट्या भावाविषयी लिहून ठेवावे, कारण घरात ते कुणी बोलत नाही आणि डायरीत तरी काही अर्धवट असू नये.

सुदर्शन माझ्यापेक्षा सात वर्षांनी लहान. चार वर्षांपूर्वी त्याने आप्पांना न विचारता आपली होडी रात्री वाळूवाल्यांना भाड्याने दिली. दहा रात्री झाल्या असतील. मग महसूलचे पथक आले आणि नदीतल्या सगळ्या होड्या बार लावून उडवून दिल्या. त्यात आप्पांचीही गेली. पत्रा काठावर उडून बाभळीत अडकला होता, तो अजून तिथेच आहे. आप्पा पथकाला काही बोलले नाहीत. सगळ्या वस्तीसमोर सुदर्शनला म्हणाले, "आता मला तोंड दाखवू नगं." तो वीस वर्षांचा होता. त्याच संध्याकाळी गेला.

पाहुण्यांतल्या एकाने नंतर सांगितले की तो सुरतेला कापडाच्या गिरणीत आहे. मी ते खरे धरून चालतो.

त्या दिवसापासून आई आप्पांशी बोलत नाही. जेवायला बोलवायचे तरी नंदूला किंवा माझ्या बायकोला, सीमाला सांगते, "म्हणावं, ताट वाढलंय." आप्पा पाण्यात उतरत नाहीत.

या सहलीने घर पुन्हा नीट होईल असे मला वाटते. एकत्र प्रवास केला की माणसे बोलतात.

शुक्रवार, १९ सप्टेंबर

कॅम्पवर फोन केला. बिष्टजी नावाचे व्यवस्थापक आहेत. माझे हिंदी कंपनीतल्या बिहारी पोरांकडून शिकलेले, पण त्यांना कळले. मी आधी प्रश्न लिहून घेतले होते, एकूण सव्वीस. तेवीस विचारले. बिष्टजी म्हणाले, "भाईसाहब, इतना तो जंगल वाले भी नहीं पूछते."

पाच माणसे, चार रात्री, चोवीस ते अठ्ठावीस नोव्हेंबर. आगाऊ दहा हजार. रद्द केल्यास निम्मे परत. मासा धरायला परवाना लागतो. धरलेला मासा फोटो काढून परत सोडावा लागतो, तो कायदा आहे.

शेवटची गोष्ट आप्पांना कशी सांगावी याची मला चिंता होती. आम्ही भोई. मासा धरून सोडायचा हे आमच्या सात पिढ्यांत कुणी ऐकलेले नसेल. जेवताना सांगितले.

आप्पांचा घास हातात राहिला. "धरायचा आन् सोडायचा?"

"हो. नियम आहे."

त्यांनी घास ताटात ठेवला. मग म्हणाले, "ह्या बारीला मी सोडनार न्हाई."

चुलीपुढून आई म्हणाली, "तुम्हीच सोडलाता."

तिने हे थेट आप्पांना म्हटले. चार वर्षांत पहिल्यांदा. सीमाने आणि मी एकमेकांकडे पाहिले. आई कुठल्या माशाविषयी बोलत होती ते कळले नाही.

मंगळवार, २३ सप्टेंबर

साठ दिवस आधी आरक्षण सुटते, म्हणून ठेकेदाराच्या माणसाला सांगून आज उशिरा गेलो. सकाळी आठच्या ठोक्याला फोन घेऊन टेकाडावर उभा होतो, तिथे रेंज येते. दौंड ते दिल्ली, बावीस नोव्हेंबर, स्लीपर. पैसे भरेपर्यंत वेटिंग लागले. पाचही. सीमा म्हणाली, "होईल हो कन्फर्म, दोन महिने आहेत." तिला सगळे होईल असे वाटते. मला वाटत नाही.

सोमवार, २९ सप्टेंबर

येतानाची तिकिटे काढली. ती पक्की मिळाली. जायची वेटिंगवर आणि यायची पक्की, असे आमचेच होते.

त्यावरून आप्पांशी वाद झाला. ते म्हणाले, "जाताना पाच. येताना सहा काढ."

मी समजावले, तुम्ही, आई, मी, सीमा, नंदू. पाच.

"मला मोजता येतंय. येताना सहा."

"सहावा कोण?"

ते हसले. खूप दिवसांनी हसले. "आरं, एवढा मोठा मासा, त्याला बर्थ नगं व्हय?"

नंदूला फार हसू आले. मी म्हणालो, मासा सोडायचा आहे, आणि नाव न देता तिकीट निघत नाही. नाव विचारल्यावर आप्पांनी मान खाली घातली. "मग ऱ्हाऊ दे. तिथं गेल्यावर बघू." मी पाच काढली. म्हाताऱ्या माणसांच्या थट्टेत पैसे घालवणे मला जमत नाही.

रविवार, ५ ऑक्टोबर

दुपारी घरात आलो तर आप्पा आणि आई एका खाटेवर बसले होते, नंदूचा मोबाइल मध्ये. व्हिडिओ चालू होता. आई त्या कामगाराच्या हातावर बोट ठेवायची. बोट ठेवले की व्हिडिओ थांबायचा. तिला वाटायचे आपण बिघडवला, ती दचकून हात काढायची. आप्पा पुन्हा चालू करायचे. ती पुन्हा बोट ठेवायची.

मी म्हणालो, आई, पडद्याला हात लावू नकोस. ती म्हणाली, "नखं किती वाढल्यात बघ की."

आईला महाशीरपेक्षा कामगाराच्या नखांची काळजी. मी हसलो. दोघेही हसले नाहीत.

रविवार, १२ ऑक्टोबर

शिरूरला जाऊन सामान आणले. गळ आणि दोरा चारशे वीस. नंदूला दुर्बीण साडेआठशे. स्वेटर आईने निवडले. पाच सांगितले होते, तिने सहा घेतले, प्रत्येकी साडेचारशे. सहावा गडद निळा, चाळीस नंबरचा. घरात कुणाला होत नाही. आप्पांना ढगळ, मला घट्ट.

मी म्हणालो, परत देऊ. दुकानदार परत घ्यायला तयार होता. आईने तो पिशवीत खाली घातला आणि वर बाकीचे ठेवले. "थंडीचं एखादं जास्ती असावं," म्हणाली. "कुनाला लागंल, काय सांगावं."

सीमाने मला कोपराने ढोसले. बाहेर आल्यावर म्हणाली, "अहो, तुम्हाला खरंच काही कळत नाही, की कळून घ्यायचं नाही?"

मी विचारले, काय? ती म्हणाली, "जाऊ द्या. आप्पांनी शपथ घातलीय." मला वाटले, दिवाळीला माझ्यासाठी काही घेणार असतील.

शुक्रवार, २४ ऑक्टोबर

काल भाऊबीज झाली. आज ठेकेदाराच्या माणसाला रजा मागितली. आठ दिवस. तो म्हणाला, "जा की. पन आल्यावर काम असंलच असं न्हाई." वेटिंग अजून एकोणीसच्या खाली आलेले नाही. मला दोन्ही गोष्टींचे वाईट स्वप्न पडते: गाडी चुकल्याचे, आणि गाडी मिळाल्याचे.

शनिवार, १ नोव्हेंबर

बिष्टजींचा फोन. परवान्यासाठी सगळ्यांची नावे आणि आधार लागतील. "आने पर भी हो जाएगा, कोई जल्दी नहीं," असे म्हणाले. मला मात्र लगेच पाठवलेले बरे वाटते. तिथे गेल्यावर जागा नाही म्हणाले तर?

आप्पांना आधार कार्ड मागितले. त्यांनी दिले नाही.

"नावं आधी धाडायची न्हाईत."

"का?"

"मी सांगतो म्हनून."

"पण आप्पा, परवाना..."

"सत्या, तुला पोरपणी काय शिकवलंय? डोहावर जाताना सूर्य पाठीशी घ्यायचा न्हाई. सावली पाण्यावर पडली की मासा जातो. आधी काठावर जाऊन बसू. गप. मग बघू."

मी म्हणालो, आधार कार्डाची सावली पडत नाही. ते रागावले नाहीत. माझा हात धरला, तीन बोटांच्या हाताने, आणि म्हणाले, "एवढं ऐक. पाया पडतो तुझ्या." वडिलांनी असे बोलू नये. मला तिथे थांबवेना. मी हो म्हणालो.

बुधवार, ५ नोव्हेंबर

चार दिवस झोप नाही. आज नावे पाठवली.

आप्पांना सांगितले नाही. त्यांचे आधार त्यांच्या बंडीच्या खिशातून घेतले, फोटो काढून परत ठेवले. यादी मी कागदावर लिहिली, सुवाच्य अक्षरात, प्रत्येकाच्या नावापुढे वय. म्हाळू सखाराम नगरे, भागुबाई म्हाळू नगरे, सतीश म्हाळू नगरे, सीमा सतीश नगरे, राजनंदिनी सतीश नगरे. मु. पो. निमोणे, ता. शिरूर, जि. पुणे. तीनदा तपासले, एकही चूक नाही. कागदाचा फोटो बिष्टजींना पाठवला.

दहा मिनिटांत उत्तर आले, "इतनी साफ़ लिखावट! धन्यवाद." मग आणखी एक, "एक लड़का है यहाँ, आपकी ही तरफ़ का. उसको दिखाता हूँ, खुश हो जाएगा."

बरे वाटले. तिथे मराठी बोलणारा कुणी असला तर आई-आप्पांची सोय होईल. रात्री जेवण गेले.

शुक्रवार, ७ नोव्हेंबर

सकाळी बिष्टजींचा फोन आला. आवाज पडलेला होता. तो मराठी मुलगा काल पहाटे कॅम्प सोडून गेला. कुणाला सांगितले नाही. महिन्याचा पगारही घेतला नाही. गळ-दोऱ्याचे सगळे काम तोच बघायचा. व्हिडिओत कानटोपीत बसलेला तोच. बिष्टजी म्हणाले, "नाम सूरज बताता था. काम में उस्ताद था. आप चिंता न करें, दूसरा आदमी देंगे."

संध्याकाळी जेवताना मी हे सांगितले. मला वाटले, आप्पांना आधीच कळलेले बरे, नाहीतर तिथे गेल्यावर तो गाठी मारणारा दिसला नाही तर हिरमुसतील. मी म्हणालो, "आप्पा, तो व्हिडिओतला कामगार नोकरी सोडून गेला म्हणे. पण दुसरा देणार आहेत."

 मग आईने विचारले, "कवा?"

"काल."

"तू नावं धाडलीस?"

मी खोटे बोलत नाही. म्हणालो, परवा.

आप्पा ताटावरून उठले. हात न धुता बाहेर गेले. आई भाकरीचा पुढचा उंडा परातीत थापतच राहिली, थापतच राहिली, तो फाटून तिच्या बोटांना लागला तरी. सीमा नंदूला घेऊन आत गेली.

मी यादी पुन्हा तपासली. चूक नव्हती.

शनिवार, ८ नोव्हेंबर

सकाळची पाळी. पहिल्याच खोक्याला सुतळी बांधली आणि माझाच हात मला दिसला. मधली दोन बोटे मुडपलेली. धडधाकट बोटे. त्यांना काही झालेले नाही.

या जगात अशी गाठ मारणारी माणसे तीनच. एक आप्पा. एक मी.

हरिबा म्हणाला, "काय रं, पांढरा फटक पडलास?" मी सुतळी हातातून सोडू शकलो नाही. त्याने ती कापली.

रविवार, ९ नोव्हेंबर

आप्पा धरणाच्या बांधावर बसले होते. मी शेजारी जाऊन बसलो.  विचारले, मला सांगितले का नाही?

"तुला सांगितलं असतं तर तू फोन करून इचारलं असतंस, सुदर्शन म्हाळू नगरे तूच का म्हनून." ते हसल्यासारखे झाले. "खातरी केल्याबिगर तुला घास जात न्हाई. आमालाच काळजी घ्याया पायजे हुती."

मी म्हणालो, अजूनही जाऊ. शोधू. आपण दोघे जाऊ. त्या भागात विचारत फिरू. मी त्यांच्या गुडघ्याला हात लावून गळ घातली, जशी लहानपणी होडीत बसायला घालायचो.

"पाणी गढूळलं, सत्या. आता तो त्या डोहाला थांबत न्हाई. आपून काठानं फिरलो तर आजून खाली जाईल."

"चूक माझी आहे."

"तुझी कशी? मी म्हनलो तोंड दाखवू नगं." त्यांनी मातीतला एक खडा उचलला आणि पाण्यात टाकायला हात वर केला. टाकला नाही, परत खाली ठेवला. "जल्मात माझं कवा ऐकलं न्हाई त्यानं. तेवढं एकच ऐकलं."

मंगळवार, ११ नोव्हेंबर

बिष्टजींना मी खरे सांगितले, तो माझा भाऊ आहे.  ते म्हणाले, मला माहीत असते तर कागद दाखवलाच नसता. तो कागद हातात घेऊन म्हणे बराच वेळ उभा होता. बिष्टजींनी विचारले, ओळखीचे आहेत का? तो म्हणाला, "अक्षर अच्छा है."

लहानपणी त्याचा गृहपाठ मी लिहून द्यायचो. गुरुजींना अक्षरावरून कळायचे आणि मार त्याला बसायचा.

दुपारी त्यांनी एक फोटो पाठवला. तंबूच्या भिंतीला टेकून पाच गळकाठ्या उभ्या आहेत, दोरा ओवून, गळ बांधून, तयार. जायच्या आदल्या रात्री त्याने बांधून ठेवल्या. चार मोठ्या आणि एक लहान, नंदूच्या उंचीची. तिला त्याने पाच वर्षांची असताना पाहिले होते. यादीत मी वय लिहिले होते, त्यावरून काढली असेल.

आप्पांनी फोटो मोठा करून मागितला. गाठीजवळ डोळे नेले.

"गाठ पक्की हाय," म्हणाले.

आईने पडद्यावर बोट ठेवले. फोटोच होता, थांबण्यासारखे त्यात काही नव्हते. ती बोट ठेवूनच राहिली.

रविवार, १६ नोव्हेंबर

लिहिण्यासारखे नाही. आई पुन्हा आप्पांशी बोलत नाही. आता माझ्याशीही नंदूमार्फत बोलते. "बापाला म्हणावं, डबा भरलाय."

नंदूने विचारले, "पप्पा, वाघ बघायला आपण कधी जायचं?" सीमाने तिला दुर्बीण दिली आणि गच्चीवर पाठवले. तिथून धरणावरचे बगळे दिसतात.

बिष्टजींना येत नाही असे कळवले. येतानाची तिकिटे रद्द केली. जातानाची राहू दिली, वेटिंगची तिकिटे आपोआप रद्द होऊन पैसे परत येतात.

शनिवार, २२ नोव्हेंबर

पाळीला मोबाइल बाहेर ठेवावे लागतात. तीन वाजता हातात आला तेव्हा दोन गोष्टी होत्या. एक संदेश: तिकिटे कन्फर्म, पाचही, एकाच डब्यात शेजारी शेजारी. गाडी दौंडहून कधीच सुटून गेली होती. दुसरे, सीमाचे अकरा फोन. आप्पा सकाळपासून घरात नाहीत. निळा स्वेटरही नाही.

मी रांजणगावहून सरळ दौंडला गेलो. दुसरीकडे कुठे बघावे हे मनातच आले नाही.

ते फलाटाच्या टोकाला बाकावर बसले होते, मांडीवर स्वेटरची पिशवी. तोंड नगरच्या बाजूला, जिकडून उत्तरेच्या गाड्या येतात.

मी म्हणालो, "आप्पा, आपली गाडी गेली. जागा मिळाली होती."

"जाऊ दे. येनारी कवा हाय?"

मी वेळापत्रक पाहिले. उद्या दुपारी. ते म्हणाले, "मग उद्या येतो."

"तो ह्या गाडीनं येणार नाही, आप्पा."

"न्हाई येनार," ते म्हणाले. "मलाबी ठावं हाय. पन तोंड इकडं करून बसलेलं असावं कुनीतरी."

त्यांना गाडीवर पाठीमागे बसवून घरी आणले.  थंडी होती. पिशवी त्यांनी दोघांच्या मध्ये धरली होती. आतला स्वेटर त्यांनी घातला नाही, मलाही घालू दिला नाही.

रविवार, २३ नोव्हेंबर

सकाळी आप्पा एसटीने दौंडला गेले. आईने त्यांचा डबा भरून उंबऱ्यावर ठेवला, बोलली नाही. त्यांनी उचलून नेला.

सहल संपली, म्हणून हिशोब पुरा करतो.

खर्च
जातानाची तिकिटे, पाच: ३,२७५
येतानाची तिकिटे, पाच: ३,२७५
कॅम्पला आगाऊ: १०,०००
स्वेटर, सहा: २,७००
दुर्बीण: ८५०
गळ आणि दोरा: ४२०
एकूण: २०,५२०

परत आले
येतानाची तिकिटे, कापून: २,६७५
कॅम्पकडून निम्मे: ५,०००
एकूण: ७,६७५

गेले: १२,८४५

देणे
हरिबा, उसने: ८,०००
सुदर्शन म्हाळू नगरे, कॅम्पचा न घेतलेला पगार, बिष्टजींनी काल माझ्या खात्यावर पाठवला: ११,४००. पत्ता: माहीत नाही.

येतानाचे सहावे तिकीट: काढले नव्हते.